गुलाबाखालची आत्ते

टीव्हीवर माहितीपट संपला की नावांची पाटी वर सरकू लागते आणि लोक उठून जातात. त्या पाटीत अगदी तळाशी, चहा पुरवणाऱ्यांच्या आणि खोल्या देणाऱ्या हॉटेलच्याही खाली, कधी कधी एक ओळ येते : 'जुनी दृश्ये – खासगी संग्रह, चेन्नई'. तो खासगी संग्रह म्हणजे मी. मी, ट्रिप्लिकेनमधल्या आमच्या घराच्या मागच्या खोलीतलं लोखंडी कपाट, आणि त्या कपाटात डांबरगोळ्या घालून ठेवलेली लोकांची लग्नं.

माझं नाव कधीच आलं नाही. पहिल्यांदा वाईट वाटलं. मग सवय झाली. पुढे पुढे तर त्या निनावी ओळीच्या आडोशाला मी इतका सुखाने राहिलो, की आपण कशाच्या आडोशाला उभे आहोत हेही विसरलो. ते आता सांगायला बसलो आहे.

आमचं घराणं तंजावरकडचं. घरात बोलतो ते मराठी पुण्याच्या माणसाला ऐकवलं तर तो आधी गंभीर होतो आणि मग 'किती गोड' म्हणतो. लिहायचं मराठी मला बायकोने शिकवलं, ती सांगलीची. हे लिखाणही तिने आधी वाचलं. वाचून म्हणाली, "अहो, तुमची बाजू फारच थोडी मांडलीय." मी म्हटलं, बाजू एवढीच आहे.

माझा धंदा लग्नाच्या व्हिडिओचा. आमच्या तंजावरी लोकांची शहरातली बरीचशी लग्नं एके काळी माझ्याच कॅमेऱ्यात लागली. अंतरपाट आमचा, वधूवरांना झोपाळ्यावर बसवायचा ऊंजल तमिळांचा, आणि मध्ये उभा मी, डोक्यावर हजार वॅटचा दिवा धरणाऱ्या माणसासकट. त्या दिव्याने भटजींना घाम फुटे आणि वधूला रडू, आणि दोन्ही पडद्यावर भक्तिभाव म्हणून छान दिसे.

लग्नाच्या आदल्या दिवशी घरातला कर्ता पुरुष मला बाजूला घ्यायचा. खांद्यावर हात ठेवून म्हणायचा, "सार, मुहूर्ताच्या वेळी जरा बघून घ्या." काय बघून घ्यायचं ते कोणीच बोलत नसे. मी मान हलवायचो. मंगळसूत्र बांधताना कपाळावर कुंकू नसलेली बाई फ्रेममध्ये नको, एवढाच त्याचा अर्थ. त्याच बाया आदल्या दिवसापासून मागच्या बाजूला राबत असायच्या. त्यांच्या हातचं सगळं चालायचं. चेहरा चालत नसे.

पण भरल्या मंडपात कॅमेरा किती चुकवणार? आलीच एखादी फ्रेममध्ये, तर तिची सोय नंतर करायची. माझ्याकडे बर्मा बाजारातून घेतलेला, दृश्यं जोडायचा एक मिक्सर होता. त्याच्या पोटात हृदय होतं, कमळ होतं, कबुतरांची जोडी होती आणि एक गुलाब होता. बटण दाबलं की पडद्याच्या मधोमध गुलाब उमलायचा, सगळा पडदा व्यापायचा, आणि पाकळ्या उडून गेल्या की पुढचा प्रसंग सुरू. गिऱ्हाइकं खूश. "काय टेक्निक आहे सार," म्हणायची. आमच्यातल्या कोणत्याही लग्नाची कॅसेट लावा आणि मुहूर्ताच्या वेळचे गुलाब मोजा. घरात विधवा किती ते कळेल.

तयार कॅसेट गिऱ्हाइकाकडे जायची. कॅमेऱ्यातली मूळ टेप माझ्याकडे राहायची. तिच्यावर गुलाब नव्हता. टेपा पुसून पुन्हा वापरायचा इतरांचा रिवाज. मला ते जमलं नाही. याला पुढे लोकांनी दूरदृष्टी म्हटलं. तो निव्वळ चिकटपणा होता.

दोन हजार सालाच्या पुढेमागे वाहिन्या वाढल्या आणि खांद्यावर झोळी टाकलेली माणसं चेन्नईत उतरू लागली. कुणी दिल्लीचं, कुणी मुंबईचं, कुणी थेट परदेशातलं. सगळ्यांना जुना दक्षिण भारत हवा असायचा, तोही आठवड्याभरात. सरकारी संग्रहात अर्ज लागे; माझ्याकडे कॉफी मिळे. मांबळमच्या एका पंक्तीत एक जाडे गृहस्थ सांबारासाठी हात वर करून बसले होते. ते भुकेवरच्या माहितीपटात विषमतेचं उदाहरण झाले, मधुमेहावरच्या माहितीपटात आजाराचं, आणि केळीच्या पानांवरच्या माहितीपटात परंपरेचं. त्यांना फक्त सांबार हवं होतं.

एन्नोरच्या एका लग्नात वधूपिता वीजकेंद्रात होता. जोडप्यामागे केंद्राच्या चिमण्या आल्याच पाहिजेत असा त्याचा हट्ट. आयुष्यभराचा अभिमान होता तो. प्रदूषणावरच्या माहितीपटात ते जोडपं आलं : हार घातलेले दोघं, मागे काळा धूर, आणि 'गुदमरणारी पिढी' असं निवेदन. श्रीपेरुंबुदूरला एकदा नवरदेवाची गाडी पंक्चर झाली होती, तेव्हा वेळ जावा म्हणून मी रस्त्याकडेची भातशेतं टिपली. पुढे तिथे मोटारींचे कारखाने आले. एका कंपनीने आपल्या सोहळ्यात ती शेतं 'आम्ही येण्यापूर्वी इथे काही नव्हतं' या वाक्यावर दाखवली. कारखान्यांविरुद्धच्या एका माहितीपटाने तीच शेतं 'इथे सगळं होतं' या वाक्यावर दाखवली. दोघांनीही मला आभाराचे फोन केले. मी दोघांनाही 'शेरी, सार' म्हटलं, म्हणजे बरं आहे म्हटलं. न बोलणं हा माझा स्वभाव. या धंद्यात तो विश्वासू माणूस म्हणून खपून जातो.

आता आत्ते. माझ्या वडिलांची धाकटी बहीण. लग्नाला वर्ष होतंय न होतंय तोच नवरा गेला आणि ती आमच्याकडे परत आली ती कायमची. आमची आई गेली तेव्हा मी कॉलेजात होतो आणि बहीण फ्रॉकमध्ये. बहिणीची वेणी, तिचे ताप, तिची शाळेतली भांडणं, सगळं आत्तेने निभावलं. बहिणीचं लग्न ठरलं तेव्हा वडीलही नव्हते.

हळदीच्या दिवशी बहीण पाटावर बसल्या बसल्या आत्तेला म्हणाली, "मंगळसूत्र बांधताना तू समोर पाहिजेस. नाहीतर मी मानच पुढे करणार नाही."

"येते की, कण्णा," आत्ते लाडाने म्हणाली. "आता गप बस, डोळ्यात जाईल."

आणि ती आली. मंडपाच्या खांबाशी, बायकांच्या मागे उभी राहिली. फिकट निळं लुगडं, मोकळं कपाळ, मुठीत अक्षता. भटजींचा आवाज चढला, नादस्वरवाल्यांनी गलका केला, आत्तेने अक्षता टाकल्या, एकदा मागे पाहिलं, क्षणभर थांबली आणि आत गेली. होमाचा धूर होता, बहिणीची मान खाली होती. तिला ती दिसली नाही. मला दिसली. माझा कॅमेरा तिच्यावरच होता.

कॅसेट तयार करायला बसलो तेव्हा तो क्षण आला. मला कुणी काही सांगितलं नव्हतं. घरातला कर्ता पुरुष आता मीच होतो. म्हणजे बाजूला घेऊन 'जरा बघून घ्या' म्हणणाराही मी आणि मान हलवणाराही मीच. बहिणीचं सासर चेन्नईजवळच्या आवडी गावात, तिथल्या कारखान्याच्या वसाहतीत, कॅसेट तिथे शेजारीपाजारी बघणार, म्हणून मी तसं केलं, असं मी पुढे स्वतःला समजावत आलो. खरं सांगायचं तर मी विचारच केला नाही. बिनकुंकवाचा चेहरा आला आणि बोट बटणावर गेलं. जिने मला सुद्धा भात कालवून घातला तिच्यावर मी गुलाब टाकला, आणि पाकळ्या उडाल्यावर नवरदेवाचे मामा दिसू लागले.

पहिल्या माहेरपणाला बहीण आली तेव्हा सगळ्यांनी बसून कॅसेट पाहिली. मुहूर्त झाला. तिने रिमोट घेऊन टेप मागे नेली, पुन्हा पाहिली.

"आत्ते, तू कुठे आहेस?"

"होते की मी."

"कुठे होतीस? दाखव."

आत्तेने टीव्हीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मी खोक्यावर चिकटवायच्या पट्टीवर नाव लिहीत होतो. एवढ्या काळजीने मी कधीच अक्षर काढलं नसेल.

"नसेन आले त्यात," आत्ते म्हणाली.

"अण्णाने पाहुण्यांचा ड्रायव्हरसुद्धा टिपलाय. तूच तेवढी नाहीस." बहिणीचा आवाज चढला नाही, उलट खाली गेला. "मी एक गोष्ट मागितली होती. तुला तुझं शास्त्र माझ्यापेक्षा मोठं."

त्या वेळी तोंड उघडलं असतं तर एका वाक्याचं काम होतं. मूळ टेप हाताच्या अंतरावर कपाटात होती. मी पट्टी चिकटवली.

त्यानंतर बहीण दिवाळीला यायची, आत्तेच्या हातचं जेवायची, 'मीठ दे', 'ताक दे' एवढं बोलायची आणि जायची. ज्या पोरीला आत्तेशिवाय झोप यायची नाही तिने बाळंतपणाला आत्तेला बोलावलं नाही. सासूच्या बहिणीला बोलावलं. आत्तेने तरीही बाळंतिणीचं लेह्यम केलं. सुंठ, मिरी, गूळ, तूप घोटता घोटता तिचे दंड भरून आले. डबा माझ्याकडे दिला. मी लोकलने आवडीला नेऊन दिला.

बहिणीने दारातच डबा उघडून वास घेतला. "वैनीने केलं?"

मी हो म्हटलं. का म्हटलं? आत्तेचं नाव घेतलं तर डबा परत येईल, ही भीती होती असं म्हणता येईल. पण नाव घेतलं असतं तर विषय निघाला असता, ही भीती त्याहून मोठी होती.

अशी काही वर्षं गेल्यावर दिल्लीच्या एक दिग्दर्शिका माझ्याकडे आल्या. हातमागाची साडी, चांदीची जाड कडी, फार हुशार बाई. दक्षिणेतल्या विधवांवर त्यांना माहितीपट करायचा होता. कॉफीचा पेला खाली ठेवून त्यांनी विचारलं, "तुमच्याकडे विधवा आहेत?"

मी विचारलं, "किती हव्यात?"

मग मी त्यांना गुलाबाची हकिगत सांगितली. आधी तयार कॅसेट लावली, मग मूळ टेप. त्यांनी डायरी काढली. 'पुसून टाकणं' हा शब्द त्यांनी त्या दुपारी इतक्या वेळा उच्चारला की माझी बायको आतून फडकं घेऊन आली. माझ्या कामामागे काही सिद्धान्त आहे हे मला प्रथमच कळत होतं, आणि लाज वाटते सांगायला, मला थोडा अभिमानही वाटला.

"हे करणारी माणसं कोण असतील?" त्यांनी विचारलं.

"एडिटर," मी म्हटलं.

"ते आता भेटतील का?"

"त्यांनी धंदा सोडला, मॅडम."

त्यांना मी पिशवीभर टेपा दिल्या. त्यांत बहिणीच्या लग्नाचीही होती. चुकून गेली असं मी स्वतःला बराच काळ सांगितलं. चुकून नाही. ती टेप मला घरातून जायला हवी होती. दिल्लीला गेली की कपाट उघडताना माझा हात तिला लागणार नव्हता. आणि आमच्या नात्यात माहितीपट बघतो कोण?

माहितीपट तयार झाला आणि चेन्नईत एका सभागृहात त्याचा खेळ ठरला. मला 'सहकुटुंब' निमंत्रण आलं. मी ते वर्तमानपत्राखाली सरकवलं. बायकोने काढलं आणि परस्पर आवडीला फोन लावला.

"तिला कशाला उगाच एवढ्या लांबून," मी म्हटलं.

"अहो, तुमचं काम मोठ्या पडद्यावर दाखवणार आणि सख्ख्या बहिणीला बोलवायचं नाही? तुम्ही म्हणजे ना, घुम्याचे घुमे." त्या टेपचं बायकोला काहीच माहीत नव्हतं. मी जास्त अडवलं असतं तर कारण सांगावं लागलं असतं. आत्तेचे गुडघे धरले होते, ती घरीच थांबली.

दुपारचा खेळ. सभागृहात थंडी इतकी की विधवांच्या हालअपेष्टा बघायला आलेली मंडळी शाली पांघरून बसली होती. एकामागून एक माझी लग्नं पडद्यावर येत होती. मी मनातल्या मनात टेपा मोजत होतो आणि ती टेप निकामी निघाली असावी, बुरशी लागली असावी, अशी प्रार्थना करत होतो. चेन्नईच्या हवेत बुरशी सगळ्याला लागते. तिला लागली नव्हती.

खांब आला. फिकट निळं लुगडं आलं. निवेदक खर्जात म्हणाला, "तिला मंडपात पाऊल टाकायची मुभा नव्हती." ती मंडपात उभी होती. तिने अक्षता टाकल्या. मग तिने मागे पाहिलं, आणि ते पाहणं दिग्दर्शिकेने इतकं संथ केलं होतं की एका वळणाला वीणेची अख्खी आलापी मावली. निवेदक म्हणाला, ही नजर एका हरवलेल्या आयुष्याकडे वळली आहे. पुढच्या रांगेत कुणीतरी नाक ओढलं.

बहीण बायकोकडे वळली. "वैनी, हे माझं लग्न."

"छे गं," बायको म्हणाली, "तुझ्या कॅसेटमध्ये तर इथे गुलाब आहे."

मग दोघींनी माझ्याकडे पाहिलं. मी पडद्याकडे पाहत राहिलो. त्या काळोखात सुद्धा मला खोक्यावर नाव लिहावंसं वाटत होतं.

दिवे लागल्यावर प्रश्नोत्तरं झाली. एका गृहस्थाने प्रश्न म्हणून आपलं आत्मचरित्र सांगितलं. मग बहिणीने हात वर केला. माझी बहीण आवडीच्या शाळेत शिकवते; माईक धरायची तिला सवय आहे.

"ती निळ्या लुगड्यातली बाई माझी आत्ते आहे. तिला मुभा होती. मी बोलावलं होतं आणि ती आली होती. तुम्ही म्हणता यायची मुभा नव्हती."

"अगदी बरोबर," दिग्दर्शिका म्हणाल्या. "मला नेमका हाच ताण दाखवायचा होता."

"ताण नाही, मॅडम. ती आली होती."

"फार मोलाची प्रतिक्रिया. थँक यू." टाळ्या पडल्या. माईक पुढच्या रांगेत गेला.

बाहेर फाटकाशी बहीण थांबली. तिने वर पाहिलं नाही.

"अण्णा, गुलाब कुणी टाकला?"

"मी."

"कुणी सांगितलं होतं?"

"कुणी नाही."

तिने एका रिक्षाला हात केला. मग विचारलं, "माझ्या बाळंतपणात लेह्यम वैनीने केलं होतं ना?"

"मी कुठलं लेह्यम केलं?" बायको म्हणाली.

आम्ही घरी पोचलो. आत्ते जमिनीवर पाय पसरून शेवग्याचा पाला निवडत होती. बहीण चप्पल न काढता तशीच तिच्यासमोर बसली.

"आत्ते, तू आली होतीस."

"म्हटलं होतं की मी तुला."

"अण्णाने तुला कॅसेटमधून काढलं हे तुला ठाऊक होतं?"

"त्याच्या खोलीत कॉफी घेऊन कोण जायचं? मीच की. बघितलं मी. फूल बरं होतं."

"आणि बोलली नाहीस? इतकी वर्षं मी तुला..."

आत्तेने एक काडी बाजूला टाकली. "बोलले असते तर तू त्याच्याशी बोलली नसतीस. आई नाही, अप्पा नाही, तुला माहेर म्हणून हा एवढाच. माझं काय, मी कुठे जाणार होते? तू आलीस की भिंतीपलीकडून आवाज तर यायचा तुझा."

मी दारातच उभा होतो. आत्ते हे सगळं माझ्या देखत बोलत होती, आणि मी तिथे नसल्यासारखं बोलत होती. मला वाटतं, तिने माझ्यावर केलेला तेवढाच राग.

बहिणीने पदराने नाक पुसलं आणि म्हणाली, "सिनेमात सांगत होते, तू मागे बघत होतीस ते तुझ्या हरवलेल्या आयुष्याकडे."

"मागे?" आत्तेने आठवून पाहिलं. "पायसम होतं गं चुलीवर. त्या स्वयंपाक्याच्या हाती पळी देऊन आले होते, तो मेला विडी ओढायला गेला. वास आला मला. लागलंच शेवटी. वरून वेलची पेरली, म्हणून कुणाला कळलं नाही."

बहीण हसली. आधी गळ्यातल्या गळ्यात, मग गुडघ्यावर डोकं टेकून, लहानपणी हसायची तशी. आत्तेही हसायला लागली. मीही हसलो. तशी बहीण थांबली.

त्याच आठवड्यात ती आत्तेला आवडीला घेऊन गेली. आत्तेची पत्र्याची ट्रंक मी उचलली, तर बहीण म्हणाली, "ठेव अण्णा. हमाल मिळतो." स्टेशनवर मी म्हटलं, टेप दिल्लीहून परत मागवतो, गुलाब काढून नवी डीव्हीडी करून देतो. ती म्हणाली, "कशाला? मला दिसली ती." गाडी सुटताना हात आत्तेने हलवला.

त्या माहितीपटाला पुढे कुठेसं बक्षीस मिळालं. दिग्दर्शिका बाईंनी फोन करून विचारलं, या वेळी तुमचं नाव घालू का? मी खासगी संग्रहच राहू द्या म्हटलं.

रविवारी मी आवडीला फोन लावतो. उचलते बहीणच. माझा आवाज ऐकला की "आत्ते, तुला फोन" एवढं म्हणते आणि रिसीव्हर टेबलावर ठेवते. आत्तेला आतल्या खोलीतून यायला वेळ लागतो. तोवर त्यांच्या घरातले आवाज ऐकू येतात. कुकरची शिटी होते, भाची तमिळमध्ये काहीतरी घोकत असते, आणि बहीण मधूनच म्हणते, "सावकाश ये गं, घाई नाही, थांबेल तो."